डॉमनिक अंकल बोलत नाहीत

सकाळी नाश्त्याला काय होतं, असं डॉमनिक अंकलना विचारलं तरी ते आधी दाराकडे बघतात आणि मग म्हणतात, "त्यावर मला बोलता येत नाही." शर्टावर अंड्याचा डाग असतो, तरीही.

इथे आखातात, रुवीत आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये ते मुलीकडे, रीनाकडे राहतात. मूळचे वसईचे. तरुणपणी विलायतेला गेले, तिथल्या पोलिसात डिटेक्टिव्ह झाले आणि निवृत्त होईपर्यंत परक्या देशांचे हेर पकडत राहिले. हे कळल्यावर आमच्या बिल्डिंगीत सगळ्यांना पिस्तुलं आणि मोटारींचे पाठलाग दिसू लागले. मी एकदा धीर करून पिस्तुलाचं विचारलं. "थर्मास होता," एवढंच म्हणाले आणि कंबर चोळत राहिले.

हेर पकडणं म्हणजे बंद गाडीत बसून दुसऱ्याच्या दारावर नजर ठेवणं, हे मला हळूहळू समजलं. महिनोन्‌महिने बसायचं आणि एक दिवस वरून निरोप यायचा, की त्या माणसाला गुपचूप त्याच्या देशाच्या विमानात बसवून दिलंय. ना कोर्ट, ना पेपरात नाव. "यल्ला, खलास," म्हणजे चला, संपलं, असं अंकल आता इथल्या अरबीत म्हणतात आणि डोळे मिटून घेतात.

खोड मात्र जात नाही. पाण्याचे जार आणणारा माणूस तिसऱ्या मजल्यावर फार रेंगाळतो, हे त्यांनी हेरलं. आठवडाभर जिन्यात खुर्ची टाकून बसले. मग मला गंभीरपणे सांगितलं, की तिथली बाई त्याला डाळभात वाढते. "भूक आहे. दुसरं काही नाही." त्यानंतर आमच्या मजल्यावरही जार उशिरा यायला लागला. अंकल त्याला ऑम्लेट करून घालत होते.

रीना नर्स आहे. तिला इथून दूर, सहम गावी नवी नोकरी लागली, तेव्हा तिने वडिलांचं वसईचं तिकीट काढलं. तिथल्या वृद्धाश्रमात सोयही केली. मला राहवलं नाही, त्यांनाही सोबत ने, असं मी बोललो. ती चिडली नाही. थकल्या आवाजात म्हणाली, की यांचं बाहेर काहीतरी आहे, असंच आई शेवटपर्यंत समजत राहिली. आई हॉस्पिटलात वारली तेव्हाही हे जवळ नव्हते, आणि कुठे होते ते आजवर सांगितलेलं नाही. अशा माणसाला सोबत कशाला नेऊ, असं तिचं म्हणणं.

मी ते अंकलच्या कानावर घातलं. शुक्रवारी, इथल्या सुट्टीच्या दिवशी, चर्चमधून आल्यावर त्यांनी मला बोलावून घेतलं. एवढ्या वर्षांची सवय, साक्षीदार हवा असणार. रीना त्यांची बॅग भरत होती.

"गाडीत होतो," ते म्हणाले. "एका माणसाच्या घरासमोर. त्याची बायको खिडकीत उभी होती, त्याची वाट बघत. मला सारखी तुझी आई दिसत होती."

"आईचा निरोप मिळाला होता ना तुला? मग उठून का नाही आलास, पप्पा?"

अंकलनी आधी दाराकडे बघितलं.

"पहाऱ्याला बदली माणूस आला नव्हता."

दुसऱ्या कुणी सांगितलं असतं तर मी हसलो असतो. रीना तशीच पलंगावर बसली. मग तिने त्यांच्या बॅगेतले शर्ट काढले आणि स्वतःच्या बॅगेत भरायला सुरुवात केली.