ताट आणि चेहरा यांच्या मधे

माँत्रय या फ्रेंच गावातल्या जुन्या गाद्यांच्या कारखान्यात नगरपालिकेनं कलावंतांना कामासाठी खोल्या दिल्या आहेत. यंदा नियम सुधारण्यात आला. कलाकृतीतलं ज्याचं योगदान नुसत्या डोळ्यांना दिसेल, खोली त्याच्याकडेच राहील. नियम वाजवी होता. चित्रकारानं चित्र दाखवलं, शिल्पकारानं घोडा दाखवला. अडचण झाली ती मादाम ओडिल गारेक यांची. त्या चित्रपटांचं संकलन करतात. खोली गेली तर काम घरी न्यावं लागणार, आणि घरी त्यांचे यजमान ट्रॉम्बोन वाजवतात.

पाहणी अधिकारी मस्यो व्हेर्नोल दुपारचं जेवण रीतसर संपवून आले. ओडिलबाईंनी त्यांना एक चित्रपट दाखवला. त्यातली विधवा सवयीनं दुसरं ताट मांडते, तिथं साहेबांनी रुमाल काढला.

"छान," नाक पुसत ते म्हणाले. "बाई दिसली, ताट दिसलं. तुम्ही कुठे होतात?"

"ताट आणि तिचा चेहरा यांच्या मधे. तिथं तिचं लांबलचक भाषण होतं, ते मी काढलं."

"मला नाही दिसलं."

"दिसलं असतं तर तुम्ही रडला नसता, साहेब."

"रडणं हे माझं योगदान आहे, मादाम. ते तुमच्या खाती कसं दाखवू?" मग ते जरा विरघळले. "पुढच्या वेळी थोडं दिसेल असं करा ना. मला काय हौस आहे लोकांना बाहेर काढायची?"

ओडिलबाई आज्ञाधारक. तांक्रेद मोर्वां या तरुण दिग्दर्शकाचा नवा चित्रपट हाती होता. त्यात त्यांनी आयुष्यभराचं कसब मोडून दिसेल असं काम केलं. तांक्रेदनं ते पाहिलं आणि तो खुर्चीत सरळ झाला.

"अगं ओडिल, हा नायक घरी सूप पीत होता ना? मग चमचा घेऊन बसमधे कसा?"

"मधे एक जोड आहे."

"मधे काय झालं पण?"

"मी."

वेळ नव्हता, चित्रपट तसाच लागला. समीक्षकांना घाम फुटला आणि त्यांनी त्याला प्रतिभा म्हटलं. चमचा ते बस या झेपेवर एका विद्यापीठात परिसंवाद झाला. तांक्रेदनं तिथं डोळे मिटून सांगितलं, की ही झेप त्याला लहानपणापासून छळत होती.

व्हेर्नोलसाहेब पुन्हा आले. चेहरा पडलेला.

"आता काम स्पष्ट दिसतं, मादाम. आंधळ्यालाही दिसेल. पण ते तुमचं नाही, मोर्वां यांचं आहे. सगळीकडे छापून आलंय."

"मग खोली?"

"नियमाप्रमाणे त्यांना."

तांक्रेद मनाचा मोठा. किल्ली मिळताच त्यानं ओडिलबाईंना फोन केला. "तू येऊन बसत जा की इथंच. आणि हे बघ, पुढचा चित्रपट जरा गुळगुळीत कर. लोकांना गरगरतंय."

त्या जातात. आता पाहुण्या म्हणून.

मला यात कुणाचीच चूक सापडत नाही. कदाचित मलाच नीट दिसत नसेल. ही गोष्ट मी याच्या चौपट लिहिली होती. प्रकाशनगृहातल्या एका बाईंनी ती कापून, जोडून इतकी केली. तुम्ही कुठे न अडखळता इथवर आलात, आणि त्यांचं नाव काय, हे काही तुम्ही विचारलं नाहीत.