कवडूकाकांची रोमन फौज

लग्नाच्या जेवणाला फावडं घेऊन जाणारा माणूस आमच्या आसगावात एकच आहे, आणि तो नेमका माझ्या शेजारी राहतो. कवडूकाका. एसटीत कंडक्टर होते, रिटायर होऊन सहा वर्षं झाली. तेव्हापासून पुठ्ठा निघालेलं एक जाडजूड पुस्तक कायम त्यांच्या मांडीवर असतं. प्राचीन रोमची फौज, तिची शस्त्रं, तिच्या लढाया. सकाळी गाव पेपर वाचतं, काका वेढे वाचतात.

फावड्याचं कारण साधं. रोमन शिपाई मुक्कामाला थांबले की आधी तळाभोवती खंदक खणत, मग जेवत. लाखांदूरच्या एका लग्नात काकांनी आमच्या जानोशाभोवती, म्हणजे वऱ्हाड उतरलं होतं त्या जागेभोवती, वीतभर खोल खंदक खणला आणि त्यात नवरदेवाचा मामा पडला. लोक मामाला उचलायला धावले, तर काका शांतपणे म्हणाले, "पाहा, काम करून राहिला ना खंदक!"

त्यांच्या शेळ्या आठ. नववं पिल्लू झालं की कोणाला तरी देऊन टाकतात, कारण रोमनांच्या एका तंबूत आठच शिपाई राहत. आपण काहीही केलं की वरून ऐकायचं, "रोमनच्या फौजेत हे चालत नव्हतं, बाबू." चपला वाकड्या ठेवल्या, चालत नव्हतं. चहात साखर जास्त पडली, चालत नव्हतं. त्या लोकांना चहा तरी ठाऊक होता का, असं मी एकदा विचारलं, तर दोन दिवस बोलले नाहीत. ते दोन दिवस फार सुखाचे गेले. खरं सांगतो, मला या माणसाचा वैताग होता. ते येताना दिसले की मी बंद मोबाईल कानाला लावायचो.

मागच्या कापणीत सकाळी नऊच्या सुमारास माझ्या बायकोचा, रेखाचा, शेतातून फोन आला. आवाज इतका बारीक की आधी ओळखूच आला नाही. "वाघ हाय. बाजूच्या बांधीत बसून हाय. आमी पुंजण्यावर चढलो."

बांधी म्हणजे बांध घातलेला धानाचा तुकडा, आणि पुंजणं म्हणजे कापलेल्या धानाच्या भाऱ्यांचा माणूसभर उंच ढीग. वाघाला ती उडी किती? मी अनवाणीच धावलो. मागून काका येत होते, हातात फावडं.

शेतावर तीन गावं लोटली होती. उभ्या धानात वाघ दिसत नव्हता, नुसत्या लोंब्या हलत होत्या. पुंजण्यावर रेखा आणि चार बाया एकमेकींना घट्ट धरून बसल्या होत्या. लोकांनी चारही बाजूंनी रिंगण धरलं होतं आणि सगळ्यात जास्त गर्दी नहराच्या, म्हणजे कालव्याच्या, पाळीवर होती, कारण उंचावरून व्हिडिओ चांगला येतो. पाळीपलीकडे जंगल. म्हणजे वाघाची घरी जायची वाट तीच. वनखात्याची गाडी निघाली होती, पण पोचायला अर्धा तास होता.

लोंब्या पाळीकडे सरकल्या. गर्दीनं आरडाओरडा केला. लोंब्या थांबल्या आणि पुंजण्याकडे वळल्या. पुन्हा तेच झालं. आता वाघ आणि रेखा यांच्यात वीस पावलं उरली असतील. मी बांधीत उतरणार तोच काकांनी माझी कॉलर धरली.

"पागल झाला का बे? चारी बाजूनं घेरलेला दुश्मन मरेपर्यंत लढते. रोमन एक बाजू मोकळी सोडत जात. याले वाट पाह्यजे, वाट!"

काकांच्या रोमनांवर मी पहिल्यांदाच हसलो नाही.

काका पाळीवर चढले आणि फावडं उंच धरून ओरडले, "फौज, दोन फळ्या करा! डावी फळी डावीकडे, उजवी उजवीकडे!" लोक खो खो हसले. एकानं मोबाईल काकांकडेच वळवला. तेवढ्यात लोंब्या पुन्हा हलल्या आणि रेखा किंचाळली. काकांचा चेहरा पांढराफटक पडला. मग त्यांच्या गळ्यातून तो आवाज निघाला, जो मी कॉलेजची तीन वर्षं पवनीच्या गाडीत रोज ऐकला होता.

"ओ दादा, दारात उभं राहू नका! पुढं सरका, पुढं! मावशी, अंदर जागा हाय! चला, चला, दार मोकळं करा!"

आणि काय सांगू, जन्मभर एसटीत उभ्यानं प्रवास केलेली ती गर्दी सरकली! का सरकतोय हे कोणाला कळलं नसावं. कोणी पिशवी उचलली, कोणी लेकरू कडेवर घेतलं, आणि पाळ मधोमध रिकामी झाली.

"आता कोणी हूं का चूं कराचं नाही," काका म्हणाले.

कोणी केलं नाही. धान हललं, फाकलं, आणि वाघ पाळीवर आला. त्यानं एकदा डावीकडे पाहिलं, एकदा उजवीकडे. मग तो पलीकडे उतरला आणि जंगलात गेला.

रेखा खाली उतरली ती सरळ काकांच्या पाया पडली. मग तिनं माझा हात धरला, तो घरापर्यंत सोडला नाही. मी सगळ्यांसमोर रडलो, आणि त्याची मला लाज वाटली नाही.

दुपारी काका आमच्या अंगणात बसले होते. रेखानं चहा दिला, तो तसाच होता.

"बाबू, मंगेशले फोन लाव ना," ते म्हणाले. मंगेश त्यांचा एकुलता एक मुलगा, पुण्यात नोकरीला आहे. "तूच सांग. मी सांगितलं तं म्हणंल, बाबा फेकून राहिले."

"तुम्ही बोलत नाही का त्याच्याशी?"

"बोलतो ना. जेवले का, तब्येत कशी, ठेवतो, एवढंच." ते पुस्तकाच्या कडा सारख्या करत राहिले. "हे त्याचंच हाय. शाळेत असताना याचंच याड होतं. मी ड्युटीवरून येवो तं दारात उभा राहे, लढाया सांगाले. मले ऐकता ऐकता झोप लागून जाय. आता पुरं वाचून ठेवलं, तं तो पुसतच नाही."

मी फोन लावला, सगळं सांगितलं. मग मंगेश म्हणाला, "भाऊ, बाबांना द्या. हत्तींच्या लढाईतही रोमनांनी हेच केलं होतं, ते त्यांना सांगायचंय."

मी स्पीकर लावून फोन काकांसमोर धरला. हत्ती अंगावर आले तेव्हा रोमनांनी रांगांमध्ये वाटा मोकळ्या ठेवल्या आणि हत्ती त्यातून सरळ निघून गेले, ही लढाई काकांनी मला आजवर वीसेक वेळा तरी ऐकवली आहे, हत्तींच्या संख्येसकट.

काका दोन्ही हातांनी फोन धरून पुढे वाकले.

"असं का?" ते म्हणाले. "मले तं माहीतच नाही, बाबू. सांग ना. पहिल्यापासून सांग."