मयतरावांच्या डाव्या अंगठ्याची हकीकत

नाटकमंडळीच्या गादीवर नव्याने विराजमान जाहले व्यवस्थापकसाहेब यांचे हुजुरी, विंगेतील तीन पायांच्या स्टुलावरी वीस वर्षे बसोन विसरल्या वाक्यांची कुमक पुरविणारा सेवक प्रॉम्प्टर याचा मुजरा. साहेबी खलिता पाठवोन जाब पुसिला की, दुसऱ्या अंकी काकासाहेब हृदय बंद पडोन मरतात, त्याउपरी प्रत्येक प्रयोगी प्रेताचे डाव्या पायाचा अंगठा हालतो, ही बेशिस्त कोणाचे हुकुमाने चालली? त्यास, ही बेशिस्त नव्हे, फत्ते आहे. कैसी जाहली ते मुळापासोन लिहितो, चहा मागवोन स्वस्थचित्ते वाचावे.

या मोहिमेचे खासे सरदार जे नट, त्यांस मंडळीत मयतराव म्हणतात. हा किताब वडिलोपार्जित नव्हे, स्वकष्टार्जित आहे. एकतीस वर्षे रंगमंची आणि पडद्यावरी मरण्याखेरीज दुसरी चाकरी त्यांचे वाट्यास आली नाही. नाटकी विष घेतले, जिन्यावरोन कोसळले, आणि चित्रपटी नायकाचा बाप होवोन दहा मिनिटांत आटोपले, मग उरले अडीच तास भिंतीवरी तसबीर होवोन राहिले. एके दिवशी सकाळी एका स्टुडिओत बुडाले आणि अंग पुसोन, टॅक्सी करोन, दुपारी दुसऱ्या स्टुडिओत गोळी खाल्ली. मेल्यावरी ऐसे निपचित पडत की, एकदा चित्रीकरणी मुंगी नाकपुडीत शिरली तरी पापणी लवली नाही, आणि कॅमेरावाला हवालदिल होवोन डॉक्टरास बोलाविता जाहला. जाहिरातीत त्यांचे नाव तळाशी, छापखान्याच्या नावाचे वरते येई. परंतु प्रेत पाहावे तर यांचे, हा लौकिक होता, आणि तेवढाच होता.

घरी मात्र मातुःश्रींची खप्पामर्जी. तेविसावे वर्षी मयतराव प्रथम रंगमंची मेले, ते समयी नवशिकेपणी डोके फळ्यांवरी धाडकन आपटले. मातुःश्री पहिल्या रांगेत होत्या. त्या पाण्याची बाटली घेवोन उठल्या आणि पायऱ्या चढोन रंगमंची आल्या आणि नायकास कोपराने बाजूस सारोन लेकाचे डोके मांडीवरी घेते जाहल्या. पडदा पाडावा लागला. घरी येवोन त्यांनी फर्मान काढिले, ते शब्दशः ऐसे: “नाटक आहे ते मलाही कळतं. पण डोकं आपटलं ते खरं होतं. पोटच्या पोराला मरताना बघायला तिकीट काढून जाऊ का मी? ज्यात शेवटपर्यंत जिवंत असशील, ते सांग. त्याला येईन.”

ही अट एकतीस वर्षे उभी होती. शेजारीपाजारी पाहोन आले, दूधवाला दोनदा पाहोन आला, आईने पाहिले नाही. मयतराव हे शल्य कोणास बोलत नसत, परंतु प्रयोगाआधी पडद्याचे फटीतोन पहिली रांग न्याहाळीत, हे सेवकाने डोळां पाहिले आहे.

मग प्रस्तुतचे नाटक आले आणि दैव उघडले. काकासाहेबांची भूमिका मयतरावांस मिळाली, आणि काकासाहेब तिन्ही अंक जिवंत! नाटकाचे अखेरचे वाक्यही त्यांचे, “दार लावून घ्या, वारा येतोय.” मयतराव घरी जावोन जोडे न काढिता वर्दी देते जाहले. मातुःश्रींचे वय एकुणऐंशी. मोतीबिंदूची शस्त्रक्रिया दोन वर्षे आज उद्या करीत टाळीत होत्या, ती पंधरवड्यात करविली, नवा चष्मा घेतला आणि तिसऱ्या रांगेची कडेची खुर्ची मुक्रर केली.

प्रयोगास चार दिवस उरले आणि दगा जाहला. दिग्दर्शकसाहेब तालमीत कपाळास हात लावोन बसले आणि बोलिले, “दुसरा अंक झोपतोय. कुणीतरी मेलं पाहिजे.” ऐसे म्हणता सकळ मंडळींच्या नजरा आपसूक एकाच ठायी वळल्या. मयतरावांनी तहाची बोलणी लाविली. काकासाहेब बेशुद्ध पडोन तिसऱ्या अंकी शुद्धीवर यावेत, ना तरी परदेशी जावेत, अगदीच निकड असल्यास मोलकरीण मरावी. दिग्दर्शकसाहेबी हास्य करोन उत्तर दिले की, “अहो, तुम्ही असताना दुसऱ्या कुणाला मारायचं? तुमचाच अपमान नाही का तो?” तह फिसकटला आणि अखेरचे वाक्य मोलकरणीस गेले.

आता मातुःश्रींस सांगावे तर कैसे? पहिले सायंकाळी मयतराव सांगावयास गेले तो त्या डोळ्यांत औषध घालीत होत्या. दुसरे सायंकाळी नवा चष्मा लावोन वर्तमानपत्रातील जाहिरात तळापासोन वर वाचीत होत्या, म्हणजे छापखाना सोडिल्यास लेकाचे नाव पहिले येते. तिसरे सायंकाळी मयतराव गेलेच नाहीत. येवढी मरणे ज्याने छातीवर घेतली, त्याची जीभ आईपुढे उचलेना. मग सेटवाल्याशी मसलत करोन गालिच्याखाली दुहेरी गोधडी अंथरविली, जेणेकरोन डोक्याचा आवाज तरी होऊ नये.

प्रयोगाचा दिवस उगवला. नाट्यगृह भरले. पहिल्या रांगेत समीक्षक मांडीवर वही घेवोन दाखल, तिसऱ्या रांगेत कडेस मातुःश्री, शेजारी त्यांची धाकटी लेक, म्हणजे मयतरावांची बहीण. दुसऱ्या अंकी काकासाहेबांनी छाती धरिली, कप निसटला, आणि मयतराव ऐसे कोसळले की सेवकाचे हातची वही गळाली. गोधडीने काम चोख बजाविले, आवाज जाहला नाही. मंडळी शोक करू लागली, आणि तेच समयी तिसऱ्या रांगेत खुर्चीची बैठक खटकन मिटली.

मातुःश्री उठल्या होत्या. हातात पाण्याची बाटली होती. लेक पदर ओढीत होती, त्या मानीत नव्हत्या. सेवक विंगेत थिजला, पडदेवाल्याने दोरीस हात घातला. मयतरावांचे डोळे मिटलेले, परंतु खुर्चीचा खटका त्यांनी ओळखिला.

येथे एक जुना मजकूर लिहिणे प्राप्त आहे. मयतराव लहानपणी शाळा चुकवावयास झोपेचे सोंग घेत. डोळे बेमालूम मिटत, श्वास संथ चाले, परंतु डावे पायाचा अंगठा आपोआप हाले. मातुःश्री उंबऱ्यात उभ्या राहोन तोच पाहत आणि काय ते समजत.

समोर समीक्षक, पाठीशी एकतीस वर्षांचा लौकिक, ज्यास मुंगी ढळवू शकली नव्हती. मयतरावांनी क्षणभरच विचार केला आणि मग उभ्या नाट्यगृहादेखत अंगठा हालविला. एकदा नव्हे, दोनदा हालविला.

मातुःश्रींनी नव्या चष्म्यातोन निरखिले. मग बैठक उघडोन बसल्या, बाटलीचे बूच काढोन स्वतः दोन घोट घेतले, आणि पडदा पडेतो बसल्या राहिल्या. प्रयोगाउपरी रंगपटात येवोन लेकाचे डोकीचे मागे हात फिरवोन टेंगूळ नाही याची खातरजमा केली आणि बोलिल्या, “सोंग तुला तेव्हाही जमत नव्हतं. बाकी काम चांगलं केलंस हो.” मयतराव तोंड धुण्याचे निमित्ते बराच वेळ बेसिनपाशी उभे होते. सेवकही तेथेच होता आणि त्यासही तोंड धुवावे लागले.

दुसरे दिवशी समीक्षकाने छापिले की, इतकी वर्षे मरूनही या नटास मरता येत नाही. दिग्दर्शकसाहेबी हुकूम फर्माविला की, अंगठा बंद करावा. मयतरावांनी उभ्या हयातीत प्रथमच हुकूम अमान्य करोन कळविले की, आई उद्याही येणार आहे, मरावयास दुसरा माणूस पाहावा. दुसरा मिळाला नाही. तेव्हा सेवकाने संहितेत ‘काकासाहेब कोसळतात’ या ओळीपुढे स्वहस्ते ‘अंगठा’ ऐसा शब्द लिहिला. तो खोडू नये, ही विनंती.

काल चौऱ्याहत्तरावा प्रयोग जाहला. मातुःश्री आपले जागी होत्या. अंगठा हालला, तरी शेजारची कोणी बाई हुंदके देवोन रडू लागली, तेव्हा मातुःश्रींनी तिचे हातावरी हात ठेविला आणि विंगेपर्यंत ऐकू येईल ऐशा आवाजात सांगितले, “रडू नका हो. जागा आहे तो.”

येणेप्रमाणे शर्थ होवोन फत्ते जाहली, ती दप्तरी दाखल असावी. सेवकाने वही मिटली, येथे पडदा.