पत्ता पाहून येणारे ढोमणे काका

ढोमणे काकांना तुम्ही आपला पत्ता सांगितला की संपलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ते त्या पत्त्यावर हजर! आत येत नाहीत, चहा घेत नाहीत. दारावरची पाटी वाचतात, "हव, खरा हाय," म्हणतात आणि स्कूटरला किक मारतात. लग्नाची पत्रिका आली, तर मंगल कार्यालय जागेवर आहे का, ते आदल्या दिवशी पाहून येतात.

आमच्या रायपूरच्या चौबे कॉलोनीत आम्ही त्यांना फार हसायचो. पण राज्य नवं झालं, आमचं शहर राजधानी झालं आणि काकांचे दिवस आले. कालचं सरकारी खातं आज भलत्याच इमारतीत! मी नुकतीच सरकारी नोकरीत लागले होते. आमचं ऑफिस तिसऱ्यांदा हललं, तेव्हा ते कुठे गेलं हे मला साहेबांच्या आधी काकांनी सांगितलं.

काका परराज्यातल्या एका मोठ्या मनोरुग्णालयात तीस वर्षं वॉर्ड अटेंडंट होते. रिटायर होऊन मुलाकडे रायपूरला आले, तरी सवय काही जाईना. माणूस भेटला की, "नाव? बापाचं नाव? गाव?" पाच मिनिटांनी पुन्हा तेच. दोन्ही वेळा जुळलं पाहिजे! वर त्यांचं ठरलेलं वाक्य, "मी साखळ्या पाह्यल्या, विजेचे झटके पाह्यले, गोळ्या आल्या त्याही पाह्यल्या. भेटाले येणारा पाहुणा मात्र क्वचित पाह्यला, बाप्पा!"

माझे बाबा त्यांना टाळायचे. "त्या माणसाशी जास्त बोलत नको जाऊ," म्हणायचे. कारण मला ठाऊक होतं. सांगायची लाज वाटते, पण सांगते. माझी कुसुमआत्या जिवंत होती. मी लहान असताना बाबांनी तिला काकांच्याच इस्पितळात ठेवलं, आणि चारचौघांत सांगितलं, वारली.

मला पाहायला भिलाईहून मंडळी आली, तेव्हा काका न बोलावता येऊन बसले. होणाऱ्या सासऱ्यांचं नाव, बापाचं नाव, गाव. पोहे झाल्यावर पुन्हा! मी आत ओढणी तोंडात कोंबून हसत होते. तेवढ्यात सासूबाईंनी विचारलं, "घरी अजून कोण कोण?"

"एक बहीण होती," बाबा म्हणाले. "वारली."

काकांनी बशी खाली ठेवली आणि बाबांकडे पाहिलं. माझं हसू कुठल्या कुठे पळालं. तरी मी चहाचा ट्रे घेऊन बाहेर आले. लग्न जमत होतं ना!

दुसऱ्या दिवशी मी काकांकडे गेले. माफी मागायला नाही, तोंड बंद ठेवा म्हणायला.

त्यांनी ऐकून घेतलं. मग आतून एक न फोडलेलं पाकीट आणलं. त्यावर नाव बाबांचं आणि पत्ता रायपूरच्याच गुढियारी भागातला, मालधक्क्याच्या मागचा. आम्ही तिथे कधीच राहिलो नव्हतो. पोस्टाचा शेरा होता, असा कोणी इथे राहत नाही.

"भरती करताना तुह्या बापानं हाच पत्ता लिहून देल्ला," काका म्हणाले. "लई लोक खोटाच पत्ता देतेत. कुसुम दर साली भावाले राखी धाडते. वापस येते. जुने सोबती मले इकडं पाठवून देतेत. मी आपली बांधून घेतो, अन तिले चिठ्ठी टाकतो, पोचली म्हणून. भावाच्या नावानं."

"काका, तुम्हाला आमचं कधीपासून माहीत आहे?"

"तुह्या बापानं पहिल्यांदा नाव-गाव सांगतलं, तईपासून. म्हटलं, येईल तो एक दिवस विचाराले. दवाखान्याले कळवलं असतं, तं आणून सोडलं असतं तिले तुमच्या दारात. बळजबरीनं आणलेले पुन्हा रस्त्यावर जातेत, पोरी." त्यांनी चष्मा काढून डोळे पुसले. "बरी हाय ते आता. डॉक्टर म्हणते, घेऊन जा. पण माही सही नाही चालत वं. मी तिचा भाऊ नाही ना."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आणि हा माणूस आमची अब्रू इतकी वर्षं सांभाळून बसला होता!

राखीपौर्णिमा होऊन महिना उलटला होता. तरी ते पाकीट घेऊन मी घरी आले आणि बाबांपुढे ठेवलं. बाबांनी पत्ता वाचला. त्यांचा चेहरा पांढराफटक पडला. मग त्यांनी उजवा हात पुढे केला. मी पाकीट फोडलं आणि आत्याची राखी बांधायला वाकले.

"थांब," ते हळूच म्हणाले. "पहिले दार लोटून घे."

आणि मी उठून दार लोटलं.