बैल राजी न्हाईत

रंगनाथतात्या बैल जुंपायच्या आधी त्यांना विचारत. अगदी रीतसर. जू हातात धरून बैलासमोर उभं राहायचं, त्याच्या डोळ्यांत बघायचं आणि म्हणायचं, "राजी का?" बैलानं कान हलवला की तो राजी. नाही हलवला तर तात्या बांधावर बसून तंबाखू मळत आणि थोड्या वेळानं पुन्हा विचारत. आमच्या भागात माशा भरपूर, म्हणून तात्यांचं शेत कधी पडीक राहिलं नाही. एकदा मात्र ऐन पेरणीत, वापसा झालेला, सगळं गाव तिफणीमागं, आणि तात्यांचा मोऱ्या कान ताठ करून उभा! तात्यांनी अर्धा दिवस त्याची मनधरणी केली.

आमचं गाव परतूरपासून दोन कोसांवर. माझे आजोबा मारवाडातून आले आणि वेशीजवळ किराणा दुकान टाकून बसले, ते मी चालवत होतो. तात्या माझे गिऱ्हाईक आणि शेजारी. गूळ घ्यायला आले तरी आधी मला विचारायचे, "शेठ, इकायला राजी का?" दुकान उघडून, तराजू पुसून बसलेल्या माणसाला हा काय प्रश्न झाला? एकदा मी वैतागून "न्हाई" म्हणालो, तर हा गृहस्थ "बरं" म्हणून खरंच निघाला. शेवटी मलाच मागं धावावं लागलं. न्हाव्यापुढं बसतानाही तेच. न्हावी म्हणायचा, "तात्या, मी कवाचा राजी हाय, तुम्ही डोकं खाली घाला."

खरं सांगायचं तर हा रोग गावात माझ्याच दुकानातून शिरला. परतूरहून आलेला हिंग पुण्याकडच्या एका जुन्या वर्तमानपत्रात बांधलेला होता. गिऱ्हाईक नव्हतं, म्हणून मी ते मोठ्यानं वाचत बसलो. जिनिव्हा नावाच्या गावी साऱ्या मुलखांची पंचायत भरते आणि तिनं ठरवलं आहे, की माणसाच्या राजीखुशीशिवाय, धाक दाखवून त्याच्याकडून काम करून घेणं म्हणजे वेठ. ती जगातून उठली पाहिजे. तेवढ्यात तात्या आले. कुठल्याशा प्रवासाच्या शिदोरीला त्यांना गूळ हवा होता. त्यांनी तो मजकूर माझ्याकडून पुन्हा वाचून घेतला, मग आणखी एकदा. आणि गूळ न घेताच घरी गेले.

त्या दिवसापासून जिनिव्हा आमच्या गावची झाली. दुकानासमोर बसणारे टोळभैरव तात्यांची फिरकी घेत.

"तात्या, तुमच्या त्या पंचायतीकडं फौज हाय का?"

"न्हाई."

"शिपाई तरी?"

"न्हाई."

"मंग ती करती काय?"

"इचारती," तात्या शांतपणे म्हणत. "ज्या सरकारनं तिथं कबुली देली, त्याला दरसाल इचारती. वेठ बंद झाली का? काहून न्हाई झाली? त्याला जबाब द्या लागतो. पुढच्या साली पुन्हा इचारती."

"आन् सरकार खोटं बोललं तर?"

"तरी इचारती. बिलकुल थकत न्हाई."

यावर सगळे पोट धरून हसायचे. मीही हसायचो. निजामाच्या राज्यात साध्या चपराशाला कुणी काही विचारत नव्हतं, आणि हे निघाले सरकारला विचारायला.

मग एकदा गिरदावरसाहेब, म्हणजे महसुलाचे तपासनीस, दौऱ्यावर आले. साहेबांचं सामान पुढच्या गावापर्यंत फुकट वाहून न्यायचं, ही जुनीच रीत. पाटलाच्या माणसानं वेशीबाहेरच्या वस्तीतून गडी हाकून आणले. त्यांत सुदाम होता. त्याची ज्वारी कापायला आली होती आणि तो मान खाली घालून साहेबांच्या ट्रंकेपाशी उभा होता. तात्या गर्दीतून पुढं झाले.

"साहेब, ह्याला राजी का म्हून इचारलं का?"

साहेबांना आधी कळेचना. कळल्यावर ते मोठ्यानं हसले. "अच्छा? पूछ लेते हैं. क्यों रे, राजी है?"

साहेबांनी थट्टा केली होती. पण सुदामला जन्मात पहिल्यांदाच कुणी असं विचारलं असावं. त्यानं ट्रंकेकडं बघितलं. मग हळूच म्हणाला, "न्हाई साहेब. माझी ज्वारी राह्यली."

साहेबांची छडी वर गेली. तेवढ्यात तात्यांनी ती ट्रंक उचलून स्वतःच्या डोक्यावर घेतली.

"मी राजी हाय. चला जल्दी."

चांगला जमीनजुमला असलेला माणूस डोक्यावर ट्रंक घेऊन निघाला, साहेब मागं, आणि वाटभर जिनिव्हाच्या गोष्टी! तात्यांचे थोरले भाऊ लाजेनं घरात जाऊन बसले. त्यानंतर गिरदावरसाहेब आमच्या गावाला आले ते भाड्याची गाडी करूनच. भाडं परवडलं, पण तात्या नकोत, असं त्यांना वाटलं असावं.

तात्या घरात एकटेच. त्यांनी बायको टाकली, असं गाव म्हणायचं. ती माहेरी, टेंभुर्णीला असते, एवढंच मला ठाऊक होतं. दरसाल दिवाळी झाली की तात्या तिकडं बैल बघायला म्हणून जात आणि दरसाल हात हलवत परत येत. "बैल न्हाई म्हणले वाटतं," असं आम्ही म्हणायचो. तात्याही हसायचे.

एका वर्षी मला माल घ्यायला जालन्याला जायचं होतं. परतूरला टेंभुर्णीकडं निघालेले तात्या भेटले, आम्ही एकाच आगगाडीत बसलो. जालन्याहून पुढं टेंभुर्णीपर्यंत मीही गेलो, म्हटलं एवढे बघण्यासारखे बैल आहेत तरी कसे.

तात्या बाजाराकडं वळलेच नाहीत. एका घराच्या ओट्यावर जाऊन बसले. सासऱ्यांनी पाणी दिलं आणि आत हाक मारली. तात्यांच्या पत्नी गयाबाई उंबऱ्याशी येऊन उभ्या राहिल्या.

"यायला राजी का?" तात्यांनी विचारलं.

त्यांनी मान हलवली. नाही.

"बरं," तात्या म्हणाले आणि पाणी प्यायले.

मला राहवलं नाही. सासरे आत गेल्यावर मी म्हणालो, "तात्या, सासरा तर पाठवायला तयार दिसतो. हात धरून नेली तर कोण अडवणार आहे?"

"थोरला तेच म्हणत व्हता," तात्या खालच्या आवाजात म्हणाले. "शेठ, लग्न लहानपणीच झालं. तिला कोन्ही इचारलं न्हवतं. मोठी झाली तशी आणली. आमच्या घरात निस्ती राबली, साल झालं न झालं की हितं आली, ती परत आलीच न्हाई. थोरल्यानं चार गडी जमवले, उचलून आणतो म्हणला. गाडी काढली, मी शिदोरीला गूळ आणाया तुमच्या दुकानी आल्तो. तुम्ही ते वाचून राह्यल्ते."

तो हिंग बांधलेला कागद मला आठवला.

"घरी गेलो तर बैल जुंपायला काढलेले. थोरल्याच्या तोंडावर बोलायची माझी छाती न्हवती. मंग बैलालाच इचारलं, राजी का? आन् थोरल्याला म्हणलो, बैल राजी न्हाईत. बैल सोडले, गोठ्यात नेऊन बांधले. येडा म्हणले सगळे. म्हणू द्या. गाडी तर राह्यली."

एवढी वर्षं मी या माणसाच्या बैलांना हसत होतो.

"आणि अजून किती सालं विचारणार, तात्या?"

"ते जिनिव्हावाले थकले का?" तात्या म्हणाले आणि उठून चपला घालू लागले.

गयाबाई अजून उंबऱ्यातच होत्या. त्यांनी सगळं ऐकलं असावं. पदर सावरून, तात्यांच्या चपलांकडं बघत त्या म्हणाल्या, "भाकरी टाकल्यात. जेवून जायला... राजी का?"

साऱ्या गावाला हे विचारत हिंडणारा माणूस. पण त्यालाही आजवर कुणी विचारलं नव्हतं. तात्यांनी नुसती मान डोलावली, मोऱ्यानं कान हलवावा तशी, आणि एक चप्पल पायात तशीच ठेवून ओट्यावर बसले.

मला कुणी विचारलं नाही. पण माझंही ताट वाढलं गेलं.