पोरांचे पाय पाहणारा गुलाब

गुलाब माझ्या पोराच्या, नामदेवच्या छातीवर बसून त्याच्या पायांतले बूट ओढत होता, आणि मी मागून गुलाबच्या पाठीत जळणाचं लाकूड घालत होते. नांदुऱ्याच्या मालधक्क्यामागची बाभळीची झाडी. दिवस बुडत आलेला, मालगाडी सिग्नलला थांबलेली.

"मार मावशी, मार," तो म्हणाला. "पण बूट काढू दे."

हा माणूस असाच. तोंडाकडे कधी बघायचा नाही, पायांकडे बघायचा. त्यातही पोरांच्या. महाराष्ट्र झाल्याला तेव्हा थोडीच वर्षं झाली होती. मालगाडीतून धान्याची पोती खाली लोटणारी एक टोळी होती, गुलाब तिच्यातला. जेल भोगून आला आणि आमच्या आळीतल्या पोरांना हुतूतू शिकवू लागला. चोरानं पोरांना धरायला, निसटायला आणि पळायला शिकवायचं! मी तोंडावर विचारलं.

"थकलेलं पोरगं घरी जाऊन झोपते, मावशी," तो म्हणाला. "न थकलेलं रुळाकडे जाते."

मला पटलं नाही. तो अंगणात आला की मी आधी दोरीवरचं लुगडं काढून घ्यायची.

नामदेवला मी खामगावच्या बाजारातून कापडी बूट आणले. दुसऱ्याच दिवशी पोरगं अनवाणी घरी आलं. बूट गुलाबनं विहिरीत फेकले होते.

"पोरायचे बूट चोरतं काय बे आता?" मी त्याच्या दारात जाऊन ओरडले.

तेव्हा त्यानं सांगितलं. टोळीत नवं पोरगं घ्यायचं तर आधी त्याला कापडी बूट देतात. रुळावरच्या खडीतून अनवाणी पळता येत नाही. पोराला वाटतं, बक्षीस मिळालं. "मलेही देले होते. देणारा मले बापापेक्षा बरा वाटला."

"हे म्या घेतले, मेल्या!"

त्यानं जीभ चावली. स्वतः विहिरीत उतरला, बूट काढले, वाळवून आणून दिले. ते इतके आटले होते की नामदेवचा अंगठासुद्धा आत जाईना. तेव्हापासून कोणाच्या पायात नवे बूट दिसले की गुलाब त्याच्या आईला जाऊन विचारायचा, "तूच घेतले ना?" बाया वैतागल्या. मी तर म्हणायची, ह्याचं काहीतरी साधत असणार.

त्या संध्याकाळी मी सरपण वेचायला गेले, आणि गुलाब नामदेवच्या छातीवर बसलेला दिसला. चार-पाच तडाखे दिल्यावर माझं लक्ष बुटांकडे गेलं. नवे कोरे होते. मी घेतलेले नव्हते.

माझा हात तिथंच थांबला.

झाडीतून टोळीतला एक माणूस पुढे आला. "गुलाब, उठ बे. पोरगं आमचं हाय."

गुलाब उठला नाही. त्या माणसानं त्याच्या खांद्यात चाकू मारला. तरी उठला नाही. गाडीनं शिट्टी दिली तसा तो माणूस गाडीकडे पळाला, आणि झाडीतून निघून त्याच्यामागे आमच्या शेजारणीचा बाबू पळाला. त्याच्याही पायात नवे बूट.

"बाबू!" गुलाब ओरडला. "बाबू, नको रे बापू!"

बाबू डब्यावर चढला.

दवाखान्यात मी गुलाबला विचारलं, "माह्यंच पोरगं काऊन धरलं तू?" मला वाटलं, आता उपकार सांगेल, काहीतरी मागेल.

त्यानं भिंतीकडे तोंड केलं. "जवळ होता तो. माणूस एकावरच बसू शकते, मावशी."

पुढे त्याला खांदा नीट उचलता येत नव्हता, तरी रोज सकाळी तो बाबूच्या आईच्या दाराशी पाण्याची घागर भरून ठेवायचा. ती त्याच्यासमोर घागर उपडी करायची. तो दुसऱ्या दिवशी पुन्हा भरायचा. मी एकदा म्हटलं, "काऊन जातं बे तिथं?" त्यानं घागर दुसऱ्या हातात घेतली आणि चालू लागला.

बाबू पुढचं स्टेशन यायच्या आधीच डब्यावरून पडला होता. नामदेव जगला. गुलाब जगला. बाबू नाही.