पेनिफील्डसाहेबांची सुनावणी

आफ्रिकेतल्या गोल्ड कोस्टवरच्या एसिकुम बंदरात न्यायमूर्ती ऑगस्टस पेनिफील्ड यांना ऐकू येईनासे झाले, तेव्हा कोर्टाच्या कामकाजात काडीचाही फरक पडला नाही. सरकारी व्यवस्थेच्या भक्कमपणाची ही साक्षच म्हटली पाहिजे.

साहेब मूळचे लंडनचे वकील. तिथे त्यांनी एकही खटला जिंकला नाही, म्हणून मामांनी वजन खर्च करून त्यांना वसाहतीत न्यायाधीश नेमवले. हरायची सोयच ठेवली नाही. एसिकुमला त्यांना हिवतापाने गाठले, तापावर कोयनेल आले, कोयनेलने कानात शिट्ट्या वाजू लागल्या आणि एका सकाळी शिट्ट्याही थांबल्या. साहेबांना बरे वाटले. दुपारी लक्षात आले की समुद्रही थांबला आहे.

घाबरून त्यांनी राजीनाम्याची भाषा काढली. तेव्हा पत्नी हॅरिएट त्यांच्या कानाला तोंड लावून ओरडली, "वेडा आहेस का, ऑगस्टस? पुढच्या वर्षी 'सर' होशील! तोवर कुणाला कळता कामा नये!"

ती अशा ताकदीने ओरडली की किनाऱ्यावर जाळी सांधणाऱ्या कोळ्यांनी माना वर केल्या. संध्याकाळपर्यंत सगळ्या बाजाराला कळले. कळले नाही ते फक्त सरकारला.

साहेब निर्धाराने काम चालवू लागले. वादी बोलला की मान डावीकडे, प्रतिवादी बोलला की उजवीकडे, दुभाषा थांबला की "हं." निकाल चेहरा बघून. खोट्या माणसाचा चेहरा लपत नाही, असे त्यांचे ठाम मत झाले आणि त्या मताविरुद्ध त्यांनी कधी एक शब्दही ऐकला नाही. तुंबलेले खटले जेवणाच्या सुट्टीआधी निघू लागले. इतर कोर्टांनी एसिकुमचा कित्ता गिरवावा, असे गव्हर्नरांचे परिपत्रक निघाले.

गावातला वकील टायटस हेफ्रन हुशार होता. त्याने कायद्याची पुस्तके कपाटात घातली आणि एक मोठा आरसा आणला. अशील आला की त्याला आरशासमोर बसवायचे.

"डोळे खाली. अजून खाली. आता समज, तुझी बायको पळून गेलीय."

"ती खरंच पळून गेलीय, वकीलसाहेब."

"मग हसतोस कशाला, गाढवा?"

समोरच्या वकिलाने अशिलाच्या रुमालात कांदा बांधला. मग हेफ्रननेही बांधला. दोन्ही बाजू ढसाढसा रडू लागल्या, तेव्हा साहेबांनी दंडक घातला की आधी रडेल तो खरा. तेव्हापासून लोक घरूनच रडत निघू लागले.

अशात जकातीचे गोदाम जळाले. सकाळी समुद्रावरून परतलेला कोळी कोबिना राखेपाशी उभा राहून हसताना शिपायांना दिसला, आणि त्यांनी त्याला धरले. लहानपणी मासे धरायचा गळ अडकून त्याचा ओठ फाटला होता. सांधला तो वर ओढलेलाच राहिला. बापाच्या मर्तिकालाही कोबिना हसतच उभा होता.

हेफ्रनने त्याला आरशासमोर बसवले आणि कपाळाला हात लावला.

"कोबिना, तोंड मीट रे."

"मिटत नाही हो. पण मी त्या रात्री समुद्रात होतो. होडीतल्या कुणालाही विचारा."

"विचारतील, सगळ्यांना विचारतील," हेफ्रन म्हणाला. "तीच तर पंचाईत आहे."

होडीतल्या सगळ्यांना खरोखरच विचारले गेले. त्यांनी शपथेवर सांगितले, दुभाष्याने चोख भाषांतर केले, साहेबांनी मान डोलावली. आरोपी तेवढा हसत होता. हेफ्रनला राहवले नाही. इतक्या दिवसांत प्रथमच तो वकिलासारखा बोलला, पार साहेबांच्या टेबलापर्यंत जाऊन ओरडला, "साहेब, हा निर्दोष आहे!" साहेबांना दिसले ते लालबुंद डोळे आणि वासलेले तोंड. कोर्टाचा अपमान! त्यांनी वकिलाला बाहेर काढवले आणि कोबिनाला सात वर्षे सक्तमजुरी ठोठावली. न्यायासनासमोर हसणे हा पश्चात्तापाचा अभाव होय, असे निकालपत्रात नमूद झाले.

कोबिनाची आई अराबा मागच्या बाकावरून किंचाळली. ती किंकाळी अशी होती की छपरावरचे पक्षी एकदम उडाले. साहेबांना खिडकीतून पक्षी दिसले. हवा बदलणार वाटते, असे त्यांच्या मनात आले.

पुढच्या वर्षी साहेब 'सर' झाले. निरोपाच्या मेजवानीत गव्हर्नर म्हणाले, "दोन्ही बाजूंचं अगदी सारखंच ऐकणारा असा न्यायाधीश मी पाहिला नाही." हॅरिएटने कोपराने ढोसले, तसे सर ऑगस्टस उठून नम्रपणे वाकले. बोट सुटली तेव्हाही त्यांच्या मनावर कसलेही ओझे नव्हते.

त्यांच्या जागी लॉरिमरसाहेब आले. तरुण, कनवाळू, कान तर असे तीक्ष्ण की भिंतीवरची पाल चुकचुकली तरी दचकत. अराबा होडीतल्या सगळ्यांना घेऊन त्यांच्याकडे गेली. साहेबांनी दिवसभर एकेकाचे ऐकले, मध्ये कुणाला तोडले नाही. शेवटी त्यांचे डोळे भरून आले.

"बाई, तुझा मुलगा निर्दोष आहे. माझी खात्री पटली."

"मग सोडा त्याला!"

"ते कसं जमेल? सर ऑगस्टस यांनी सगळ्यांचं रीतसर ऐकून घेतल्याची नोंद आहे. रीतसर सुनावणी झालेला निकाल मला फिरवता येत नाही."

"अहो, त्यांना ऐकूच येत नव्हतं!"

"तसं नोंदीत नाही."

"त्यांना ऐकू येत नव्हतं, साहेब," अराबा म्हणाली. "तुमचं काय?"

त्या रात्री लॉरिमरसाहेबांना जेवण गेले नाही.

कोबिनाने सातही वर्षे खडी फोडली. ही हकीकत जो ऐकतो तो हळहळतो. तुम्हीही आत्ता हळहळला असाल. लॉरिमरसाहेबही तेवढेच हळहळले होते.